कथेची घटका

काळ कोणासाठीं थांबत नाहीं, असें आपण लहानपणापासून ऐकत आलों आहों. तें खरेंही आहे. परंतु तो सर्वांस सारख्याच गतीनें जातांना वाटत नाहीं, हेंही तितकेंच खरें आहे. दवाखान्याच्या बांकावर काढलेला अर्धा तास आणि चांगल्या कीर्तनांत गेलेला अर्धा तास, दोन्ही घड्याळाच्या हिशेबानें तीस मिनिटांचेच. पण पहिला सरतां सरत नाहीं, आणि दुसरा गेला केव्हां तें कळत नाहीं. केवळ मनाचा खेळ म्हणून सोडून द्यावा असा हा विषय नव्हे. कथेच्या योगानें काळास वळण लावण्याची एक विद्याच आपल्या लोकांनीं सिद्ध केली आहे. तिला नियम आहेत, तिचें शिक्षण आहे, आणि घरोघरीं तिचा उपयोग होत आलेला आहे. त्या विद्येचा थोडा विचार वाचकांपुढें मांडावा, असा आमचा हेतु आहे.

वर्धा जिल्ह्याच्या सेलू तालुक्यांत हिंगणी नांवाचें गांव आहे. बोर धरणाकडे जाणारी वाट येथून जाते. २०१४ सालीं बोर अभयारण्यास व्याघ्रप्रकल्पाचा दर्जा मिळाल्यापासून दूरदूरचे प्रवासीही या वाटेनें येऊं लागले आहेत. हिंगणीसारख्या गांवीं काळाचीं निरनिराळीं मापें शेजारीं शेजारीं नांदतांना दिसतात. पहिलें माप भिंतीवरील घड्याळाचें. १९०६ सालापासून सर्व हिंदुस्थानास साडेब्याऐशीं पूर्व रेखांशाची एकच वेळ लागूं झाली. हिंगणी त्या रेखेच्या पश्चिमेस असल्यामुळें घड्याळांत बारा वाजतात तेव्हां तेथील सूर्यास डोक्यावर यावयास सरासरीनें आणखी पाव तास अवकाश असतो. मुंबईंत तर जुनी स्थानिक वेळ ३९ मिनिटांच्या फरकानें १९५५ सालापर्यंत जपली गेली होती. म्हणजे घड्याळाची वेळ हीसुद्धां आकाशांतून पडलेली वस्तु नसून माणसांनीं आपसांत केलेला एक करार आहे.

दुसरें माप शेताचें. मृगाचा पाऊस, पेरणी, निंदण, पोळ्यास बैलांचा सन्मान, आणि दिवाळीच्या सुमारास सुरू होणारी कापसाची वेचणी, या कामांनीं तें चालतें. तिसरें माप कथेचें. आषाढी एकादशीपासून कार्तिकीपर्यंतच्या चार महिन्यांत पोथी लागते, श्रावणांत वारावारांच्या कहाण्या होतात, गांवांत सप्ताह बसतो. या तिसऱ्या मापाकडे सुशिक्षितांचें लक्ष क्वचित् जातें. कारण तें धर्मकृत्य किंवा करमणूक या सदराखालीं टाकून आपण मोकळे होतों. पण पहिल्या दोन मापांनीं माणूस बांधला जातो, आणि या तिसऱ्यानें तो कांहीं काळ तरी त्या बंधांतून सुटतो. म्हणून त्याची चिकित्सा अवश्य आहे.

आपल्या प्राचीन ग्रंथांत कथा कोणत्या वेळीं सांगितल्या गेल्या, हें पाहिलें तर एक गोष्ट ध्यानांत येते. महाभारताची कथा वैशंपायनानें जनमेजयास सांगितली ती सर्पसत्राच्या कर्मांतून मिळालेल्या अवकाशांत. तीच कथा सौतीनें नैमिषारण्यांत शौनकादि ऋषींस सांगितली ती बारा वर्षांच्या सत्रांत. एवढें दीर्घ कर्म चालावयाचें तर मधल्या रिकाम्या वेळास कांहीं आधार हवा. तो कथेनें दिला. वेताळपंचविशींत तर कथा हीच राजाची वाट अडविते. विक्रमराजा बोलला कीं वेताळ पुन्हां झाडावर. पंचवीस कथा होईपर्यंत एका रात्रीची वाट संपत नाहीं. शुकबहात्तरींतील पोपट आपल्या मालकिणीस रोज रात्रीं एक गोष्ट सांगून घरांत थोपवून धरतो. कृष्णशास्त्री चिपळूणकरांनीं मराठींत आणलेल्या अरबी भाषेंतील सुरस गोष्टींमध्यें वजिराची कन्या पहांटेच्या वेळीं गोष्ट अर्धी ठेवून आपला मृत्यु एकेक दिवसानें पुढें ढकलते. या सर्व कथांत कथन म्हणजे दिरंगाई. आणि ती दिरंगाई कोणाचा तरी नाश टाळण्यासाठीं केलेली आहे.

परीक्षितीची गोष्ट मात्र याहून निराळी आहे. त्यास सातव्या दिवशीं मृत्यु यावयाचा, हें ठरून गेलें होतें. शुकाचार्यांनीं त्यास भागवत सांगितलें, पण त्यामुळें तक्षकाचें येणें एक पळानेंही लांबलें नाहीं. सात दिवस सातच राहिले. फरक पडला तो त्या दिवसांच्या भरणीत. भयानें मोजीत बसण्याचे सात दिवस श्रवणाचे सात दिवस झाले. कथा काळ वाढवीत नाहीं, त्यास आकार देते, हें या विद्येचें मूलसूत्र आम्हांस येथें सांपडतें. आज गांवोगांवीं होणारे भागवत सप्ताह याच सात दिवसांची आठवण आहेत.

हें सूत्र व्यवहारांत कसें उतरतें, तें पाहावयाचें असेल तर नारदीय कीर्तनाकडे पाहावें. कीर्तनाचे दोन मुख्य भाग. पूर्वरंगांत नमन, एक मूळ पद किंवा अभंग, आणि त्यांतील सिद्धांताचें दृष्टांतांसह विवरण. नंतर मध्यंतरीं नामघोष होतो आणि बुवांस बुक्का लावून हार घालतात. मग उत्तररंग, म्हणजे आख्यान. आणि शेवटीं आख्यानाचा सांधा पुन्हां पूर्वरंगांतील मूळ पदाशीं जुळवावयाचा. या मांडणीकडे काळाच्या दृष्टीनें पाहिलें तर तिची योजना उघड होते. पूर्वरंगांत विचार असतो, म्हणून तेथें काळ संथ. मध्यंतरांत श्रोत्यांस हातपाय सैल करावयास सवड. उत्तररंगांत कथा धांवूं लागते, आणि शेवटीं जेथून निघालों तेथेंच परत आल्यामुळें ऐकणारास दोन तासांचा तुकडा हातीं न येतां एक पूर्ण वस्तु मिळते.

या गतीचीं साधनेंही कीर्तनकाराजवळ तयार असतात. ओवी चालत जाते, आर्या थबकत जाते, साकी आणि दिंडी डोलत जातात, आणि कटाव धांवत सुटतो. चिपळ्या, झांज, तबला व पेटी यांनीं ती गति श्रोत्यांच्या अंगांत उतरते. मुंबईस दादर येथें १९४० सालीं स्थापन झालेली अखिल भारतीय कीर्तन संस्था या कलेचें रीतसर शिक्षण देत आली आहे. म्हणजे ही केवळ उपजत बुद्धीची बाब नसून शिकण्याशिकविण्याजोगी विद्या आहे, हें निराळें सिद्ध करावयास नको.

एक उदाहरण घेऊं, आणि तें आपल्या विदर्भाचेंच घेऊं. वर्धा नदीच्या पलीकडे अमरावती जिल्ह्यांत कौंडण्यपूर आहे. रुक्मिणीचें माहेर तें हेंच, अशी आपली परंपरा सांगते. एकनाथांनीं रुक्मिणीस्वयंवरावर स्वतंत्र ग्रंथच रचला, आणि कीर्तनांतही हें आख्यान सर्वांच्या आवडीचें. विवाह उद्यांवर आला आहे. बंधु रुक्मीनें शिशुपाल ठरविला आहे. रुक्मिणीनें एका ब्राह्मणाबरोबर द्वारकेस निरोप धाडला आहे. भागवताच्या दशमस्कंधांत श्रीकृष्ण एका रात्रींत रथानें विदर्भास पोंचतात. आतां मौज पाहा. द्वारकेपासून विदर्भापर्यंतचें हें प्रचंड अंतर कीर्तनकार कटावाच्या एका दमांत तोडतो. घोडे, धूळ, डोंगर, नद्या, आणि श्रोता श्वास घेतो न घेतो तोंच रथ वेशीपाशीं. उलट रुक्मिणी गवाक्षांत उभी राहून वाट पाहते त्या थोड्याशा वेळास तो पाव तास देतो. ब्राह्मण कां आला नाहीं? निरोप पोंचला असेल काय? माझें कांहीं चुकलें काय? एकेक शंका येते आणि जाते; मग डावा डोळा लवतो, आणि हंसतमुख ब्राह्मण दारीं दिसतो.

हा उफराटा हिशेब श्रोत्यांस खटकत नाहीं. उलट तोच खरा वाटतो. कारण वाट पाहणाराचा काळ असाच असतो, हें प्रत्येकानें अनुभविलेलें असतें. मुलीचें पत्र येईना म्हणून, रुग्णाचा ताप उतरेना म्हणून, पाऊस पडेना म्हणून प्रत्येक जण कधीं ना कधीं त्या गवाक्षांत उभा राहिलेला असतो. कथितांतील काळ आणि कथनास लागणारा काळ यांतील या फरकाचा युरोपांतील विद्वानांनींही बारकाईनें विचार केला आहे. फ्रेंच पंडित झेरार झेनेत यानें १९७२ सालीं त्याचें शास्त्रच मांडलें. आमचे हरिदास मात्र तें फार पूर्वीपासून बिनबोभाट आचरीत आले आहेत.

आतां माजघराकडे वळूं. श्रावणांतील कहाण्या सांगावयास पेटी-तबला लागत नाहीं कीं बुवा लागत नाहीं. आटपाट नगरापासून निघालेली कहाणी चार मिनिटांत पिढ्यानुपिढ्यांचा काळ ओलांडते; साठ उत्तरांची गोष्ट पांचांत संपवावयाची, हा तर तिचा बाणाच. पण तिचें खरें सामर्थ्य दुसरीकडेच आहे. कहाणी ऐकतांना हातांत तांदळाचे दाणे धरावयाचे आणि ती संपेपर्यंत उठावयाचें नाहीं, असा रिवाज. ज्या घरांत पहांटेपासून रात्रीपर्यंत स्त्रीच्या हातास क्षणाची उसंत नाहीं, त्या घरांत मुठींतले हे चार दाणे म्हणजे केवढी सवलत! हात गुंतलेला, म्हणून काम सांगतां येत नाहीं. कहाणी चाललेली, म्हणून हांक मारतां येत नाहीं. धर्माच्या पदराखालीं मिळालेली ती घटकाभर विश्रांति होती.

आदित्यराणूबाईच्या कहाणींत याच गोष्टीचें एक मोठें मार्मिक चित्र आहे. बाप आपल्या दोन लेकींकडे जातो आणि कहाणी ऐक म्हणतो. राणी झालेली लेक म्हणते, मला वेळ नाहीं, राजास पारधीस जावयाचें आहे, त्याचें जेवण करावयाचें आहे. प्रधानाच्या घरची लेक बसून ऐकते. पुढें जी ऐकत नाहीं तिचें दैव फिरतें, आणि ऐकणारीचें घर भरभराटीस येतें. मग कहाणी सांगणारी ऐकणारा शोधीत निघते, तेव्हां तिला भेटतात ते मोळीविक्या आणि माळी यांसारखे कष्टकरी. त्यांनीं घटकाभर थांबून ऐकलें आणि त्यांचेंही दैव उघडलें. या कहाणीचें तात्पर्य श्रद्धेचें म्हणून सांगितलें जातें, आणि तें तसें असो. आम्हांस त्यांत आणखी एक प्रश्न दिसतो. राणीस वेळ नव्हता तो कोणामुळें? तिचा वेळ तिचा नव्हता. तो राजाच्या पारधीचा होता. शिक्षा मात्र तिला झाली. आजही घरांत कथापुराणास कोण बसतें आणि त्या वेळीं चुलीशीं कोण असतें, याचा हिशेब केला तर ही कहाणी जुनी झाली आहे असें म्हणवत नाहीं. सर्वांनीं मिळून ऐकलेल्या कथेनें घराचा काळ एक होतो हें खरें. पण त्यांतून एक जरी माणूस वगळलें तरी तो एक होत नाहीं.

जेथें काळ हीच शिक्षा असते अशा ठिकाणीं या विद्येची कसोटी लागते. १९३२ सालीं विनोबा भावे धुळ्याच्या तुरुंगांत होते. वर्धा जिल्हा हीच विनोबांची कर्मभूमि. पुढें धाम नदीच्या कांठीं पवनार येथें त्यांचा आश्रम झाला. धुळ्यास त्यांनीं २१ फेब्रुवारीपासून १९ जूनपर्यंत दर रविवारीं गीतेच्या एका अध्यायावर प्रवचन केलें. अठरा रविवार आणि अठरा अध्याय. साने गुरुजींनीं तीं उतरून घेतलीं, म्हणून 'गीता प्रवचनें' हा ग्रंथ आज आपल्या हातीं आहे. बंदिवानाच्या जीवनांत सोमवार आणि शनिवार यांत भेद तो काय? पण येत्या रविवारीं पुढील अध्याय आहे, एवढ्या एका गोष्टीनें आठवड्यास आठवडेपण येतें. दिवस मोजण्याऐवजीं माणूस अध्याय मोजूं लागतो.

याच साने गुरुजींनीं पुढील वर्षीं नाशिकच्या तुरुंगांत 'श्यामची आई' लिहिली. ९ फेब्रुवारी १९३३ रोजीं आरंभ केला आणि १३ फेब्रुवारीस पहांटे ती पुरी झाली. पुस्तकाची मांडणी बेचाळीस रात्रींची. लिहिण्यास लागले दिवस पांचांच्या आंतबाहेर. वाचणारांच्या घरांत मात्र त्याच बेचाळीस रात्री होऊन राहिल्या. किती तरी कुटुंबांत रोज एक रात्र याप्रमाणें तें पुस्तक मोठ्यानें वाचलें गेलें आहे. तुरुंगांतील पांच दिवसांतून एका माणसानें घराघरांस दीड महिना दिला. याहून काळाची मोठी पेरणी ती कोणती?

विदर्भाच्या भूमींतील आणखी दोन नांवें घेतल्यावांचून हा विषय पुरा होणार नाहीं. गाडगे महाराज (१८७६–१९५६) दिवसां गांव झाडीत आणि रात्रीं कीर्तन करीत. त्यांच्या कीर्तनांत श्रोत्यांस प्रश्नामागून प्रश्न येत, आणि उत्तर श्रोत्यांनींच द्यावयाचें. सकाळच्या झाडूनें रात्रीच्या शब्दास वजन येई, आणि रात्रीच्या शब्दानें दुसऱ्या सकाळच्या झाडूस हात मिळत. तुकडोजी महाराजांनीं (१९०९–१९६८) खंजिरीच्या तालावर हेंच काम केलें. श्रवणाची घटका दुसऱ्या दिवसाच्या कामांत उतरली पाहिजे, नाहीं तर ती नुसती गेलेली घटका, हा त्यांचा दंडक दिसतो.

येथें कोणी आक्षेप घेईल कीं, कथेनें काळ घडतो तसा तो बुडतोही. हा आक्षेप पोकळ नाहीं. भागवतांतच ककुद्मी राजाची गोष्ट आहे. कन्या रेवती हिच्यासाठीं वर विचारावयास तो तिला घेऊन ब्रह्मलोकीं गेला. तेथें गायन चाललें होतें, म्हणून तो क्षणभर थांबला. गायन संपल्यावर त्यानें प्रश्न केला, तों ब्रह्मदेव हंसून म्हणाले कीं, तुझ्या मनांतील सारे वर कालवश झाले. पृथ्वीवर सत्तावीस चतुर्युगें उलटलीं! आज हातांतल्या मोबाईलवर क्षणभर म्हणून बसलेल्या माणसाची स्थिति याहून फार निराळी नसते. एक चित्र सरकतें, दुसरें येतें; वर मान करतों तों संध्याकाळ गेलेली असते आणि लेकरूं झोपलेलें असतें.

मग कीर्तनांत वेळ गेला आणि मोबाईलवर वेळ गेला, यांत भेद कोणता? अमेरिकेंतील मानसशास्त्रवेत्ता विल्यम जेम्स यानें १८९० सालच्या आपल्या ग्रंथांत एक उपयुक्त कसोटी सांगितली आहे. विविध आणि रसाळ अनुभवांनीं भरलेला काळ जातांना थोडा वाटतो, पण मागें वळून पाहतां मोठा दिसतो. रिकामा काळ जातांना लांब वाटतो, पण आठवणींत आंखडून जातो. ही कसोटी लावली कीं निवाडा सोपा आहे. कीर्तनाचे दोन तास झर्कन् गेले तरी दहा वर्षांनीं आख्यान आठवतें, शेजारीं कोण बसलें होतें तें आठवतें. सरकत्या चित्रांचे दोन तासही झर्कन् गेले. पण दुसऱ्या दिवशीं त्यांतलें कांहीं सांगा म्हटलें तर सांगतां येत नाहीं. जो काळ जातांनाही आंखडतो आणि आठवतांनाही आंखडतो, तोच खरोखर बुडालेला.

आपल्या जुन्या मापांत अहोरात्राच्या साठ घटका असत. एक घटका म्हणजे २४ मिनिटें. तळाशीं बारीक भोंक असलेलें घटिकापात्र पाण्यावर सोडावयाचें. तें भरून बुडालें कीं एक घटका झाली. साठांतील एक घटका कथेस द्यावी, एवढेंच आमचें आपल्या वाचक कुटुंबांपाशीं मागणें आहे. गोष्ट पुराणांतलीच हवी असें नाहीं. आजोबांनीं पाहिलेला पूर, आजीच्या माहेरची विहीर, काकांची पहिली नोकरी, हींही आख्यानेंच आहेत. आणि तीं सांगणारीं माणसें दिवसाचा लांबच लांब वेळ एकट्यानें काढीत घरांतच बसलेलीं असतात. म्हाताऱ्या माणसाचा दिवस संपत नाहीं आणि मुलांचा दिवस पुरत नाहीं, ही आजच्या घरांची विचित्र स्थिति आहे. एकाची शिल्लक दुसऱ्याच्या तुटीस द्यावी, हा सरळ हिशेब आहे.

पथ्यें थोडींच. वेळ ठरलेली असावी, म्हणजे दिवसभर तिची वाट पाहतां येते. गोष्ट पुरी संपवूं नये. उद्यांसाठीं एक धागा बाहेर ठेवावा. ऐकणारांस मध्यें विचारूं द्यावें. आणि मुख्य पथ्य हें कीं, स्वयंपाकघरांतील आवराआवर सर्वांनीं मिळून आटोपल्यावांचून गोष्टीस आरंभ करूं नये. राणीस वेळ नाहीं म्हणून कथा तिच्यावांचून होऊं लागली, तर ती अर्ध्याच घराची झाली. एवढें सांभाळलें तर काळ थांबणार नाहीं, पण जाण्यापूर्वीं तो आपल्या ओसरीवर घटकाभर बसून जाईल.